विसू पेंटरच्या रिकाम्या बाटल्या

जमलेल्या मंडळींनो,

बोलायला उभा राहिलो आहे खरा, पण सुरुवात एका तक्रारीनं करणार आहे. शोकसभेत तक्रार करू नये असा संकेत आहे, तो मला ठाऊक आहे. तरीही. माझ्या पाठीमागचा हा फ्लेक्स कुणी करून घेतला? सरपंचसाहेब, आपण? मग आपल्या भावनेला माझा नमस्कार. फोटो उत्तम आहे. गुलाब जरा जास्त झालेत, पण ते चालवून घेऊ. तक्रार सावल्यांबद्दल आहे. वर 'भावपूर्ण श्रद्धांजली' लिहिलं आहे, त्या अक्षरांची सावली डावीकडे पडली आहे. खाली ज्याला श्रद्धांजली वाहायची त्याचं नाव आहे, त्या अक्षरांची सावली उजवीकडे. विसू आत्ता त्या दाराशी उभा असता, तर दोन्ही हात कमरेवर ठेवून त्यानं विचारलं असतं, "कावून बे, तुमच्या गावात दोन सूर्य उगवतेत का?"

आणि मग तो शिडी आणायला गेला असता.

तो दाराशी उभा नाही. हे वाक्य मी काल घरी लिहून पाहिलं. मोठ्यानं म्हणून पाहिलं. पटत नाही. आज बारा दिवस झाले, तरी पटत नाही. इकडे येताना चौकात मी सवयीनं त्याच्या दुकानापुढे गाडी थांबवली. फळीवर ब्रश वाळत घातलेले दिसले. मी हाकसुद्धा मारली. समोरचा टायरवाला माझ्याकडे बघत राहिला, आणि मग त्यानं मान खाली घातली.

मला न ओळखणाऱ्यांसाठी सांगतो. मी बीडचा एक वार्ताहर. तरुणपणी पाठशाळेत बसून संस्कृत शिकलो. त्या विद्येचा उपयोग पुढे पाण्याच्या टँकरच्या बातम्या लिहिण्याकडे झाला. विसू मला 'शास्त्री' म्हणायचा, आणि त्याचं ऐकून मांजरसुंब्याच्या चौकातले सगळे ढाबेवाले, टायरवाले, पंक्चरवाले मला शास्त्री म्हणू लागले. माझं खरं नाव इथे कुणाला ठाऊक नाही. त्याचा आजवर फायदाच झाला.

मी कशासाठी उभा आहे, ते आधीच सांगतो, म्हणजे कुणाला अंदाज बांधत बसायला नको. विसू पेंटर दारू पिऊन रस्त्यात पडला आणि मेला, असं बारा दिवस बोललं जातंय. ढाब्यावर बोललं जातंय. बाजारात बोललं जातंय. भेटायला म्हणून आलेले लोक त्याच्याच घरात, त्याच्याच सतरंजीवर बसून, चहाचा कप हातात धरून हळू आवाजात तेच बोलतात. पेपरातही तसंच छापून आलं. ते खोटं आहे. ते खोटं आहे हे मला तुमच्यासमोर सांगायचं आहे. आणि ते पेपरात कसं आलं, तेही सांगायचं आहे.

मंडळी, विसूनं आयुष्यात घोटभर बियर घेतली नाही.

काही जणांच्या चेहऱ्यावर मला हसू दिसतंय. त्यांचं चूक नाही. ज्याच्या घरात मागच्या खोलीत जमिनीपासून पत्र्यापर्यंत बियरच्या बाटल्या, बियरचे पेले, बियरचे ट्रे, ओपनर, बाटल्यांची टोपणं, ग्लासाखाली ठेवायच्या पुठ्ठ्याच्या चकत्या आणि वह्याच्या वह्या भरून लेबलं, त्या माणसानं कधी घेतलीच नाही, यावर विश्वास कसा ठेवायचा? मीसुद्धा पहिली दोन वर्षं ठेवला नव्हता.

याची सुरुवात कशी झाली, ते त्यानंच मला सांगितलं होतं. तो तेव्हा नवीन पेंटर. हायवेवरच्या एका दुकानाची पाटी रंगवायचं काम मिळालं. मालकानं नमुना म्हणून बियरची एक भरलेली बाटली हातात दिली. "हिच्यावर हाय तसं अक्षर काढ," म्हणाला. विसू ती बाटली घरी घेऊन गेला आणि तीन दिवस तिच्यासमोर बसला. चौथ्या दिवशी पाटी रंगवून दिली. पाटी अशी की गाड्या थांबवून लोक बघायचे. आणि बाटलीही प्रामाणिकपणे परत दिली, भरलेलीच. फक्त तिच्यावर लेबल नव्हतं. ते यानं कोमट पाण्यात भिजवून अलगद काढून घेतलं होतं. मालक ओरडला, "आरं येड्या, ही नागडी बाटली आता कोन घेईल?" विसू म्हणाला, "तुमाला बियर पायजे व्हती, ती हाय की आत."

अक्षरासाठी सुरू झालं हो सगळं. अक्षरासाठी. मला तो लेबल दाखवायचा आणि म्हणायचा, "शास्त्री, ह्या अक्षराकडं बघ. पोटात कसं भरलंय आन् शेपटाला कसं सैल सोडलंय. हे मशीनचं काम न्हाई. हे कुन्या मानसानं श्वास धरून काढलंय." मला काही दिसायचं नाही. मी मान डोलवायचो. त्याला ते कळायचं. "डोलव, डोलव. मंत्र म्हनल्यावर आमी डोलावतो तसं."

मग छंद वाढला. चौकात थांबणाऱ्या ट्रक ड्रायव्हरांना त्यानं कामाला लावलं. लोक ड्रायव्हरकडून लांबच्या देवाचा अंगारा मागवतात, हा लेबलं मागवायचा. कुणी गोव्याहून आणलं, कुणी पंजाबातून. त्या बदल्यात हा त्यांच्या गाडीच्या मागे मोर काढून द्यायचा. ढाब्यांवरच्या वेटरांना त्यानं शिकवण दिली होती, की टोपण उघडताना ओपनर आणि टोपण यांच्यामध्ये एक नाणं ठेवायचं, म्हणजे टोपणाला बाक येत नाही. बाहेरगावचं गिऱ्हाईक चक्रावून जायचं. बाटली उघडण्याआधी वेटर खिशातून नाणं काढतोय, हळूच ठेवतोय, टोपण निघालं की ते पुसून वेगळ्या डब्यात टाकतोय. गिऱ्हाइकाला वाटायचं, इथला काही विधी असावा. एकानं मला विचारलं होतं, हे कुठल्या देवाचं आहे. मी गंभीरपणे सांगितलं, ग्रामदैवत आहे, समोरच्या दुकानात बसतं.

आणि हे दैवत त्या बाटल्या धुताना नाकाला रुमाल बांधायचं. वास सहन व्हायचा नाही त्याला. कमलवहिनी इथे बसल्या आहेत, त्या साक्ष देतील. वहिनी मला एकदा म्हणाल्या होत्या, "लोकायचे नवरे भरल्या बाटल्या आनतेत, माझा रिकाम्या आनतोय. आता भांडावं तर कशावरून भांडावं, तुमीच सांगा शास्त्रीबुवा." धर्मशास्त्रात याची तरतूद नाही.

ओलं लेबल वाळवायची त्याची पद्धत होती. वर्तमानपत्राच्या दोन घड्यांमध्ये ठेवायचं, ती घडी गादीखाली सारायची, आणि वर आपण झोपायचं. सकाळी लेबल सपाट. वर्तमानपत्र मात्र माझंच लागायचं. "तुमच्या पेपरचा कागद लई पानी पितो, शास्त्री. बातमी कशी का आसंना." तीस वर्षांत माझ्या लेखनाचं एवढं नेमकं परीक्षण दुसऱ्या कुणी केलं नाही.

एकदा त्यानं विचारलं, "बियरला तुमच्या संस्कृतात काय म्हनतेत?" मी म्हटलं, यवसुरा. यव म्हणजे जव, त्याची सुरा. तो महिन्याभरानं आला आणि माझ्या हातात एक लेबल ठेवलं. हातानं काढलेलं. मधोमध 'यवसुरा', देवनागरीत, अशा अक्षरांत की शब्दालाच जरा चढली आहे असं वाटावं. दोन्ही बाजूंना जवाच्या ओंब्या. खाली बारीक अक्षरांत 'मांजरसुंबा'. जगात नसलेल्या बियरचं लेबल. दुकानात टांगलं होतं तेव्हा एका ड्रायव्हरनं विचारलं होतं म्हणे, ही कुठं मिळती. विसू म्हणाला, "निघायची हाय अजून. शास्त्रीनं परवानगी दिली की निघंल."

ते लेबल त्यानं मला दिलं. मी त्याचं काय केलं? घरी कुणाला दिसू नये म्हणून संस्कृत कोशाच्या पानांत दडवलं. आजही तिथेच आहे. हे तुम्हाला सांगतो आहे, कारण पुढं जे सांगायचं आहे त्याच्याशी याचा संबंध आहे. त्याच्या छंदाची मला गंमत वाटायची, थोडी लाजही वाटायची.

मग फ्लेक्स आले. पाट्या गेल्या. विसूकडे नंबरप्लेटी आणि ट्रकांचे मोर एवढंच उरलं. त्यावर तो एकदाच म्हणाला, "हातानं काढलेलं अक्षर आता फकस्त माझ्या मागच्या खोलीत हाय. जुन्या लेबलावर हाय, जुन्या पत्र्याच्या पाट्यांवर हाय. ते काढनारे मेले. त्यायची नावंबी कुनाला ठावं न्हाईत. मी मेलो की तेबी जाईल." मी म्हटलं, अभद्र बोलू नकोस. त्यानं माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाला, "बरं. भद्र तू बोल, तुला येतं."

आता ती आष्टीची गोष्ट. ही बातमी त्याला मी दिली. आष्टीला एक जुनं दुकान पाडतायत, आणि त्याच्या दारावर निजामाच्या काळातली बियर कारखान्याची पाटी आहे, इनॅमलची, चार लिप्यांतली. मराठी, उर्दू, तेलुगू आणि इंग्रजी. तिकडच्या एका मित्रानं मला सहज सांगितलं, मी विसूला फोन केला. त्याचा पहिला प्रश्न, "उर्दूतली अक्षरं पाटीवर उतरती हायत का सरळ?"

मी म्हटलं, "मी पाहिली नाही रे. ऐकलंय नुसतं."

"मंग मी उद्या जातो."

"रविवारपर्यंत थांब. गाडी करू, मीही येतो. ऑक्टोबरचं ऊन बघ किती आहे."

"तवर पाडतील बे. तू ये रविवारी, घरी ये, पाटी बघायला ये."

दुसऱ्या दिवशी तो मोटारसायकलवर एकटा गेला. मोबाइल नेहमीसारखा दुकानात विसरला. त्या दुकानमालकाशी मी नंतर बोललो. ते सांगत होते, विसू त्या पाटीसमोर तासभर बसला. अक्षरांवरून बोट फिरवत होता, शाळेत धूळपाटीवर फिरवतात तसं. जेवायला चला म्हटलं तर नको म्हणाला. मालकांनी पाटी दिली आणि माळ्यावर सापडलेल्या चार जुन्या रिकाम्या बाटल्याही दिल्या. "लई खूश व्हता मानूस," म्हणाले. "जाताना माझ्या पाया पडाया लागला, मीच धरलं."

त्यानं पाटी घोंगड्यात गुंडाळली, कॅरियरला सुतळीनं बांधली. बाटल्या पेपरात गुंडाळून पिशवीत ठेवल्या. आणि निघाला.

लिंबागणेश मागे टाकलं, आणि मांजरसुंबा जवळ येत असताना त्याच्या छातीत दुखलं असावं. त्यानं गाडी बाजूला घेतली. मंडळी, त्यानं गाडी मधल्या स्टँडवर लावली. छातीत कळ आलेली असताना त्या माणसानं गाडी नीट उभी केली, कारण मागे पाटी होती. मग तो लिंबाखाली बसला असेल. मग आडवा झाला. शेजारी पिशवी कलंडली, आणि एका बाटलीवरचा कागद सुटून ती रस्त्याच्या कडेला आली.

दुपारची वेळ. वाहता रस्ता. ट्रक गेले, जीपा गेल्या, मोटारसायकली गेल्या. एक माणूस झाडाखाली आडवा, बाजूला बियरची बाटली. किती जण गेले असतील? मी मोजायला नव्हतो. पाऊण तास तो तिथे होता, एवढं कळलं आहे.

हनीफभाई मागच्या रांगेत बसले आहेत. पुढे या म्हटलं तर आले नाहीत. ते सीताफळं विकतात. टेम्पो घेऊन त्या रस्त्यानं येत होते. त्यांनी मला दवाखान्याच्या पायरीवर बसून जे सांगितलं, ते मी त्यांच्याच शब्दांत सांगतो. "शास्त्रीजी, खोटं कशाला बोलू, मीबी आधी पुढं गेलतो. बाटली दिसली, म्हनलं, आसंल पिऊन पडलेला. जरा पुढं गेलो आन् मनाला टोचाया लागलं. बाकीच्या बाटल्या पेपरात गुंडाळलेल्या दिसल्या व्हत्या. लेकराला दुपट्यात गुंडाळतेत तशा. पिनारा मानूस रिकामी बाटली अशी गुंडाळत न्हाई, जी. मंग गाडी फिरवली."

गाडी फिरवली. सीताफळांच्या टोपल्या त्यांनी तिथेच रस्त्यावर उतरवल्या, जागा केली, आणि विसूला एकट्यानं उचलून टेम्पोत घातलं. श्वास चालू होता म्हणतात. दवाखान्यात पोचेपर्यंत थांबला. डॉक्टरांनी सांगितलं, हृदयविकार. तोंडाला दारूचा वाससुद्धा नव्हता. आणखी एक प्रश्न डॉक्टरांनी विचारला, आणायला इतका वेळ का लागला.

या सभेत त्या दुपारी त्या रस्त्यानं गेलेलं कुणीतरी असेल. मी कुणाकडे बघत नाही. बघायचा अधिकार मला नाही. का नाही, ते आता सांगतो.

त्या दुपारी मी बीडला एका सरकारी बैठकीत बसलो होतो. फोन आला. नेहमीचा माणूस, तिकडच्या बातम्या देतो. म्हणाला, "लिंबागणेश रोडला एक जन गेलाय. वळख पटली न्हाई. बाजूला बाटल्या व्हत्या बियरच्या." मी विचारलं, वय? "आसंल साठीचा." एवढंच विचारलं. टेबलाखाली मोबाइल धरला आणि चार ओळी टाइप केल्या. 'मद्यप्राशन केलेल्या अनोळखी इसमाचा रस्त्यात मृत्यू.' पाठवून दिल्या. समोर साहेब टंचाईबद्दल बोलत होते, त्यांचं एक वाक्यसुद्धा माझ्याकडून सुटलं नाही.

होय, मंडळी. ती बातमी मी लिहिली.

विसू त्या दिवशी त्याच रस्त्यावर आहे, हे मला माहीत होतं. मीच पाठवला होता. त्याचं वय मला माहीत होतं. बियरच्या रिकाम्या बाटल्या बाळगून एक थेंबही न पिणारा माणूस या जिल्ह्यात असू शकतो, हे माझ्याइतकं दुसऱ्या कुणाला माहीत होतं? मला एक क्षणही वाटलं नाही. विसू म्हणजे विसू. अनोळखी इसम म्हणजे दुसराच कुणीतरी.

संध्याकाळी अमोलचा फोन आला, विसूच्या मुलाचा. "काका, बाबा गेले. रस्त्यात अटॅक आला." मी पळत दवाखान्यात गेलो. रडलो. हनीफभाईंचं सगळं ऐकलं. बाटल्यांचंही ऐकलं. आणि तरीही, मला सांगताना लाज वाटते, तरीही मला माझ्या चार ओळी आठवल्या नाहीत. ते दोन मृत्यू माझ्या डोक्यात वेगवेगळेच राहिले. दुसऱ्या दिवशी सकाळी, विसूच्या दारात आम्ही तिरडी बांधत होतो, तेव्हा कुणीतरी पेपर उघडला आणि मोठ्यानं वाचलं. मी सुतळीची गाठ मारत होतो. हात तिथेच थांबले.

बातमीवर माझं नाव नव्हतं. लोक पेपरला शिव्या देऊ लागले. "कोन लिवतंय बे असं, आई-बाप न्हाईत का त्याला?" आणि मी काय केलं? मी मान डोलवली. लेबल बघताना डोलवायचो, तशीच.

पेपरनं दिलगिरी छापली, आतल्या पानावर, तिसऱ्या दिवशी. मीच लिहिली तीही. कुणी वाचली असेल असं वाटत नाही.

नवव्या दिवशी मी कमलवहिनींना सांगितलं. त्या गादी उचलून तिच्याखालची लेबलं काढत होत्या. शेवटची घडी, अजून थोडी दमट. मी उभ्या उभ्या सांगून टाकलं. त्यांनी हातातली घडी खाली ठेवली. मग म्हणाल्या, "तुमी लिवलंत?" मी हो म्हटलं. "त्या दिवशी त्यांनी बाटल्या कशात गुंडाळल्या व्हत्या, ठावं हाय का तुमाला?" मला ठाऊक नव्हतं. "तुमच्याच पेपरात." मला रडू आलं. तर म्हणाल्या, "रडू नगा, शास्त्रीबुवा. रडाया मी हाय. तुमी तिथं माइकम्होरं उभं ऱ्हावा आन् सांगा. मोठ्यानं सांगा."

म्हणून मी उभा आहे. वहिनी, आवाज पोचतोय ना?

अमोल, आता तुला एक सांगायचं आहे. तू पुण्याहून आलास, लोकांची कुजबुज ऐकलीस, आणि मागच्या खोलीतल्या वस्तू पोत्यांत भरून दाराशी ठेवल्यास. भंगारवाला उद्या येणार आहे. मी तुला दोष देत नाही. मीही त्याचं लेबल कोशात लपवलं. पण ती पोती घराबाहेर पडली, की माझी बातमी खरी ठरेल. बघणारा म्हणेल, काहीतरी होतं, म्हणूनच टाकलं. तुझ्या बापानं त्या खोलीत चोरून काही ठेवलं नव्हतं. दार नेहमी उघडं असायचं. ते उघडंच ठेव. मी रविवारी येतो. त्यानं मला रविवारी बोलावलं होतं. प्रत्येक लेबल कुठून आलं, कुणी आणलं, जेवढं आपल्याला आठवतं तेवढं लिहून काढू. तुझी आई सांगेल, तू विचार, मी लिहीन. यावेळी विचारून लिहीन.

फोटोशेजारच्या खुर्चीवर घोंगड्यात गुंडाळलेलं ते काय आहे, असं काही जण मघापासून बघताहेत. ती आष्टीची पाटी आहे. विसूनं मारलेल्या गाठी अजून तशाच आहेत. आमच्यापैकी कुणीही ती पाहिलेली नाही. उर्दूतली अक्षरं उतरती आहेत की सरळ आहेत, ते फक्त विसूला कळलं. वहिनींची इच्छा आहे की आपण दोन मिनिटं स्तब्ध उभं राहावं, आणि मग हनीफभाईंनी पुढे येऊन त्या गाठी सोडाव्यात. कापायच्या नाहीत. सोडायच्या. हनीफभाई, आता मात्र पुढं यावं लागेल.

उभं राहण्याआधी एक शेवटचं. गेले बारा दिवस लोक मला धीर देतात की मित्र गेला, दुःख मोठं आहे. दुःख आहेच. पण मला झोप लागत नाही ती वेगळ्याच कारणानं. इतकी वर्षं मी 'मद्यप्राशन केलेला अनोळखी इसम' लिहीत आलो. कधी विहिरीत, कधी बसस्थानकावर, कधी रस्त्याच्या कडेला. किती लिहिले, आठवत नाही. एकाच्याही तोंडाचा वास मी घेतला नव्हता. त्यांतला कोण काय गुंडाळून घरी नेत होता, मी एकदाही विचारलं नाही. विसू माझा होता म्हणून हा एक मला कळला. उद्या पुन्हा कुणाचा तरी फोन येईल, मी कुठल्यातरी बैठकीत असेन, आणि माझा हात सवयीनं त्याच चार ओळी लिहील. मला त्याची भीती वाटते.

आता उभे राहू या.